डब्यावरचा धपाटा

“मग मशीन माझ्या खांद्यावर कधी येणार, उस्ताद?”

हा प्रश्न संदिपानने सकाळपासून इतक्यांदा विचारला होता, की रस्त्याकडेला चरणाऱ्या शेळ्यांनाही तो पाठ झाला असावा.

लतीफ उस्ताद बशीतला चहा फुंकत होते. फुंकता फुंकता त्यांनी उत्तरही फुंकून टाकलं.

बालाघाटाच्या माळावर रस्ता रुंद करताना एका जेसीबीवाल्याने जमिनीतली केबल मुळ्यासारखी उपटली होती. खालच्या गावांचे फोन मुके झाले. दवाखान्याचा फोन लागेना, बँक थंड पडली, आणि मोबाइलवर बघायला काहीच नाही म्हणून एक सरपंच चक्क ग्रामपंचायतीत जाऊन बसला. प्रसंग एवढा बाका होता.

अशा वेळी सगळ्यांना उस्ताद आठवत. केसाएवढ्या काचेच्या दोन तारा मशीनमध्ये तोंडाला तोंड लावून ठेवायच्या, ठिणगीने वितळवून एक करायच्या, मग चपट्या ट्रेमध्ये वेटोळं घालून निजवायच्या. ट्रे डब्यात, डबा खड्ड्यात. उस्तादांची हयात यातच गेली. आता डोळ्यांत मोतीबिंदू उतरला होता.

म्हणून आज त्यांनी बोलून टाकलं होतं, हा ट्रे तू एकट्याने भर. मी काम होईस्तोवर तोंड उघडणार नाही. नीट भरलास तर मशीन तुझं.

संदिपानचा हात चांगला होता, नजर त्याहून चांगली, आणि स्वतःबद्दलचं मत या दोन्हींहून चांगलं. या तारांतून बोलणं उजेड होऊन धावतं, आणि जोडातून तो उजेड किती गळतो त्याचा आकडा मशीनच्या पडद्यावर येतो. संदिपानचे आकडे शून्याला टेकायचे. अशा प्रत्येक शून्याचा तो फोटो काढायचा. नवरदेवाचेसुद्धा कोणी एवढे काढत नाही.

उस्तादांच्या दोन सवयींना मात्र तो पाठीमागे हसायचा.

एक, ते ट्रेमध्ये गरजेपेक्षा जास्त तार गुंडाळून ठेवायला लावत. संदिपान त्याला जिलब्या म्हणायचा.

दुसरी, डबा खड्ड्यात सोडण्याआधी ते त्यावर सणसणीत धपाटा मारत, बाजारात बैलाच्या पाठीवर मारावा तसा. हे कुठल्या पुस्तकात लिहिलंय, असं संदिपानने एकदा विचारलं होतं. मीही तेच पुस्तक शोधतोय, सापडलं तर सांग, असं उस्ताद म्हणाले होते.

शेवटची तार जोडली. पडद्यावर स्वच्छ शून्य. फोटो निघाला. संदिपानने शीळ घालत तार उचलली...

शीळ अर्ध्यात राहिली.

जोडाच्या जागी काच उघडी असते, जरा धक्का लागला की मोडते. ती झाकायला तापवली की आवळणारी बारीकशी नळी लागते आणि ती जोडण्याआधीच तारेत ओवून ठेवावी लागते. नंतर आठवण होणं म्हणजे मंगळसूत्र घातल्यावर पत्रिका मागणं.

संदिपानने नळी ओवलीच नव्हती.

आता जोड कापायचा, पुन्हा करायचा, तेही उस्तादांच्या देखत. आणि मशीन गेलं पुढच्या वर्षावर. नाहीतर...

त्याने तिरक्या नजरेने पाहिलं. उस्ताद एका शेळीला जवळ घेऊन, तिला तिची दाढी आपल्यापेक्षा कशी बरी आहे ते समजावत होते.

संदिपानने एक रिकामी नळी मशीनच्या भट्टीत तापवली, ट्रेच्या खाचेत दाबली आणि उघडा जोड हळूच तिच्याखाली सारला. वरून बघणाऱ्याच्या बापाला कळलं नसतं.

त्याने ऑफिसला फोन लावला. पलीकडचा म्हणाला, उजेड आला, सगळं चालू. संदिपानने डबा बंद केला.

“झालं?”

“झालं, उस्ताद.”

उस्ताद लुंगीला हात पुसत आले, डब्यापाशी बसले आणि त्यांनी हात उगारला.

संदिपानचा तळवा त्याला न विचारताच डब्यावर जाऊन बसला.

“हात काढ.”

“आज राहू द्या ना, उस्ताद.”

“का?”

“...नवा डबा आहे.”

उस्तादांनी हात खाली घेतला. जणू पटलंच. मग मशीन उचललं आणि त्याचा पट्टा संदिपानच्या खांद्यावर घातला.

“घे. आता मशीन तुझं, धपाटाही तुझा. मार.”

जे हवं होतं ते खांद्यावर आलं होतं. भलतंच जड लागत होतं.

संदिपानने हात वर नेला. खाली आला तो निजलेल्या लेकराच्या पाठीवर यावा तसा.

“हा धपाटा?” उस्ताद म्हणाले. “याने डास तरी मरेल का रे?”

...

शेळी खाकरली. खाली कुठल्यातरी गावात, किती दिवसांनी कोण जाणे, कोणीतरी कोणाशीतरी बोलत असेल. त्या एका उघड्या काचेतून.

संदिपानने मशीन खांद्यावरून काढून सतरंजीवर ठेवलं. ऑफिसला पुन्हा फोन लावला आणि सांगितलं, एक तार थोडा वेळ बंद करतोय. पलीकडून विचारणा झाली, चूक कोणाची?

त्याने उस्तादांकडे पाहिलं. उस्तादांनी शेळीकडे पाहिलं.

“माझी,” संदिपान म्हणाला.

त्यावर पलीकडच्याने जे ऐकवलं ते चारचौघांत सांगण्यासारखं नाही. संदिपानने शेवटपर्यंत ऐकून घेतलं.

डबा उघडला. आपला तो देखणा शून्याचा जोड त्याने कापला. तार आखूड झाली, पण ट्रेमध्ये जिलब्या होत्या. एक वेटोळं सुटलं आणि दोन्ही टोकं पुन्हा आरामात मशीनपर्यंत पोचली. आज जिलबीला कोणी हसलं नाही.

नळी घ्यायला त्याने हात पुढे केला, तेवढ्यात उस्तादांनी कानामागून, जिथे एरवी त्यांची विडी असायची तिथून, एक नळी काढून त्याच्यासमोर धरली.

“मघाशी तुझ्या गुडघ्याशी पडली होती.”

“म्हणजे तुम्हाला... तेव्हापासून?”

“तोंड उघडणार नाही म्हणालो होतो,” उस्ताद म्हणाले आणि नळी पुन्हा कानामागे खोचली. “हिला धूळ लागलीय. पाकिटातली घे.”

संदिपानने आधी नळी ओवली, मग जोडलं. पडद्यावर शून्य आलं नाही. थोडा उजेड गळत होता, चालण्याजोगा. त्याने फोटो काढला नाही. नळी जोडावर सरकवली, भट्टीत तापवली, निवू दिली, खाचेत बसवली. ऑफिसवाला म्हणाला, आला उजेड, आणि फोन आपटला.

डबा बंद झाला. संदिपानने मशीन उस्तादांपुढे सरकवलं.

“हे तुमच्याकडंच राहू द्या, उस्ताद. मी ट्रे नीट भरला नाही.”

उस्तादांनी पट्टा उचलून पुन्हा त्याच्या खांद्यावर घातला आणि हनुवटीने डब्याकडे खूण केली.

संदिपानने हात उगारला आणि असा धपाटा हाणला, की शेळ्या माळभर उधळल्या.

उस्तादांनी बशीतला शेवटचा थेंब मातीत झटकला.

“हळू...” ते म्हणाले. “आत माणसं बोलतायत.”