भाजणारीचा घास

पाय आत घ्या आणि गप पडा बघू. सानू, निमिषला लाथा मारू नकोस. आज मी चिडलेय, बरं का. कशावर चिडलेय ते शेवटी सांगेन. आत्ता सांगितलं तर तुम्ही तोंडं फुगवाल आणि गोष्ट राहील बाजूला.

तर एकदा काय झालं, कणसापूर नावाचं एक नगर होतं. चहूकडे मकाच मका. तिथं एक राजा होता. त्याला राज्याची काळजी बेताची आणि पोटाची फार. माणूस वाईट नव्हता हो. पण ताटात आलेलं आभाळातून पडतं असं मानणारी माणसं असतात ना, त्यातला.

आणि त्याच्या मुदपाकखान्यात होती हौसा. नाव हौसा, पण नाकावर राग. कशी भाजायची म्हणून सांगू! ढोबळी मिरची निखाऱ्यावर काळी होईतो भाजायची, मग वरची करपलेली साल बोटांनी उतरवायची. लाल भोपळ्याच्या फोडी तेलामिठात घोळवून जाळीवर टाकायची. कांद्याच्या जाड चकत्या भाजायची. मग मक्याच्या पिठाची पातळ भाकरी तव्यावर टाकायची, ती मऊ आहे तोवर मधोमध दुमडायची, तिच्या पोटात भाज्या भरायची आणि वर भाजलेल्या टोमॅटोचा ठेचा. तिला म्हणायचे दुमडी. तुम्ही काय म्हणता? टाको. म्हणा बापडे. भाकरी दुमडायला कुणाची परवानगी लागत नाही.

आता नीट ऐका. हौसाची चूल साधी नव्हती. तिच्या आईनं आपल्या हातानं माती मळून घातलेली चूल होती ती. आई गेली आणि मागे तेवढंच राहिलं, म्हणून राजवाड्यात कामाला आली तेव्हा हौसा ती चूल गाडीत घालून घेऊन आली. त्या भाजणाऱ्या बायकांची एक रीत होती. पहिला घास चुलीला. दुसरा भाजणारीला, गरम गरम. तिसऱ्यापासून बाकीचं जग, मग तो राजा असो नाहीतर भिकारी. आई मरताना म्हणाली होती, "हौसे, दोन घास चुकवू नकोस."

पण राजवाड्यात पहिल्याच दिवशी काय झालं? हौसानं एक घास चुलीत टाकला आणि दुसरा तोंडाशी नेला, तोच कारभारी ओरडला, "अगं ए! महाराजांच्या आधी तोंड घालतेस? राजाला उष्टं वाढणार काय?"

हौसा नवी होती. घाबरली आणि घास खाली ठेवला.

तो जो ठेवला तो सात वर्षं ठेवला. चुलीचा घास ती रोज द्यायची, तो कधी चुकला नाही. स्वतःचा मात्र राहिला. राजा जेवायचा, राणी जेवायची, कारभारी तर सात-सात दुमड्या हाणायचा. मग पंगती उठायच्या आणि हौसाच्या वाट्याला काय यायचं? भाकरीच्या वातड कडा आणि मिरचीची जळकी सालं. तीही गार. पाण्याच्या घोटाबरोबर ती ते गिळायची, आणि त्याबरोबर रागही गिळायची. रोज. सात वर्षं. हातानं हजारो दुमड्या केल्या, पण गरम दुमडी कशी लागते ते तिला आठवेना, बरं का.

मग एक दिवस तिचा मनगटापाशी हात भाजला. डोळ्यांत पाणी आलं. ती स्वतःशीच म्हणाली, आज मी एक खाणार. चोरून खाईन, पण गरम खाईन. तिनं एक छान दुमडी भरली आणि चुलीच्या कडेला वाटीखाली झाकून ठेवली. वाढून परत येते तर कारभाऱ्यानं वाटी उचललेली. म्हणाला, "ही कुणासाठी लपवलीस गं, चोरटे?" आणि ती दुमडी त्यानं राजाच्या मांजरापुढे टाकली. मांजरानं वास घेतला, शेपूट वर केलं आणि निघून गेलं.

काय झालं असेल तिच्या जिवाचं? मला तर नुसतं सांगतानाही हाताची मूठ वळते!

 हौसानं चुलीत एक लाकूड असं काही कोंबलं की ठिणग्या पार आढ्यापर्यंत उडाल्या.

दुसऱ्या दिवशी शेजारचा राजा यायचा होता, राजकन्येला मागणी घालायला. तीन दिवस मुक्काम. कणसापूरच्या दुमड्या खायच्या म्हणून तो वाटेत उपाशी राहिला होता म्हणे. हौसानं चूल पेटवली. जाळ धडधडून उठला. तिनं मिरची ठेवली, भोपळा ठेवला, कांदा ठेवला. अर्धा तास झाला, तास झाला. मिरची हिरवीगार! भोपळा कच्चा! भाकरीचं पीठ तव्यावर ओलंच्या ओलं. जाळात हात घातला तर चटका बसतो, पण भाजी काही भाजत नाही.

झाली बोंबाबोंब. पाहुण्याला फुटाण्यांवर निजवलं. कारभारी थयथयाट करत आला आणि म्हणाला, "तीन दिवसांत ही चूल भाजली नाही, तर पहारीनं फोडून टाकीन. आणि तुला घालवीन वेशीबाहेर!"

आईची चूल हो. 

मग पहिल्या दिवशी आले भटजी. म्हणाले, चूल कोपली आहे, तिला तूप हवं. घागरभर तूप ओतलं. जाळ इतका मोठा झाला की भटजींची शेंडी होरपळली. मिरची हिरवीच.

दुसऱ्या दिवशी कारभाऱ्यानं चंदनाची लाकडं आणवली. राजाची चूल, तिला जळण राजाच्या तोलाचं हवं, असं त्याचं म्हणणं. साऱ्या वाड्यात देवघरासारखा वास सुटला. भोपळा कच्चाच. पाहुण्या राजानं तो तसाच चावून पाहिला आणि त्याचा एक दात हलायला लागला.

तिसरा दिवस उजाडला. परसात पहार आणून ठेवलेली हौसाला दिसली. मग मात्र तिचा संताप संताप झाला. मुदपाकखान्यात कुणी नव्हतं. ती कमरेवर हात ठेवून चुलीपुढे उभी राहिली आणि भांडायलाच लागली.

"काय गं भवाने! माझ्यावर उलटतेस? सात वर्षं रोज तुला सारवलं. रोज पहिला घास तुझ्या तोंडात घातला. एक दिवस तरी चुकले का? सांग ना! आता फोडणार आहेत तुला. माझी आई फोडणार आहेत!"

आणि मग काय झालं, ठाऊक आहे? चूल बोलली. आवाज कुणाचा होता माहीत नाही, पण हौसाला वाटलं, आईच खेकसतेय.

"मला दिलास. रोज दिलास. तुझा कुठाय?"

हौसाचे कमरेवरचे हात खाली आले.

"दोन घास सांगितले होते," चूल म्हणाली. "एक माझा, एक तुझा. तू रोज माझ्यापुढे उपाशी बसतेस आणि मी मुकाट भाजत राहायचं होय? तू तुझा राग गिळलास. मी नाही गिळणार. फोडतात तर फोडू देत."

 हौसानं पदरानं तोंड पुसलं, पदर खोचला आणि म्हणाली, "थांब. आज बघतेच."

तेवढ्यात राजा स्वतः आला. तीन दिवसांचा भुकेला, चेहरा उतरलेला. मागे कारभारी, त्याच्या मागे पहारवाला. राजा गरजला, "हौसा, काय हवंय या चुलीला?"

हौसा म्हणाली, "महाराज, चुलीला काही नको. मला हवंय. दुसरा घास माझा. मी आधी खाणार, मग तुम्ही."

कारभारी किंचाळला, "शिव शिव शिव! राजाला उष्टं! फोडा ती चूल!"

पहारवाला पुढे झाला. हौसा चुलीला पाठ लावून उभी राहिली. पाठीला धग लागत होती, पण ती हलली नाही. म्हणाली, "उष्टं? सात वर्षं तुमचं उष्टंखरकटं मी खाल्लं, तेव्हा कुणाला शिव शिव आठवला नाही! मांजराला दुमडी चालते आणि ती भाजणारीला चालत नाही? फोडा. आधी मला, मग हिला."

राजाचे डोळे लाल झाले. त्यानं हात उचलला. आणि तेवढ्यात, बरं का, त्याला हौसाचं मनगट दिसलं. फोड आलेलं, वर राख लावलेली. मग दुसरा हात दिसला, तोही चट्ट्यांनी भरलेला. सात वर्षं जो हात त्याच्या ताटात दुमडी वाढायचा, तो त्यानं कधी बघितलाच नव्हता. तो दुमडीच बघायचा.

राजानं हात खाली घेतला. "खा," म्हणाला. अगदी हळू म्हणाला.

मग हौसानं मिरची निखाऱ्यावर ठेवली आणि ती तडतडली! भोपळ्याला तांबूस डाग पडले, कांद्याच्या कडा करपल्या, भाकरी टम्म फुगली. वास असा सुटला की पाहुणा राजा एका पायात जोडा घालून धावत आला. हौसानं दुमडी भरली. पहिला घास चुलीला. आणि मग तिथंच जमिनीवर मांडी घालून बसली आणि खायला लागली.

दोन राजे उभे, आणि ती खातेय. घाई केली नाही हो तिनं. एक-एक घास चावून खाल्ला. ठेचा कोपरापर्यंत ओघळला, तोही चाटला. डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहत होतं. कारभारी म्हणाला, ठेचा तिखट असेल. मूर्ख मेला.

शेवटचा घास संपल्यावर हौसा उठली आणि म्हणाली, "आता हात धुऊन बसा सगळे."

मग त्या दिवशी शंभर दुमड्या झाल्या. राजकन्येचं लग्न ठरलं. कारभाऱ्याला राजानं फुंकणी देऊन चुलीपुढे बसवलं, कायमचं. आणि कणसापूरला दवंडी पिटली, की ज्या घरी चूल पेटेल तिथं दुसरा घास भाजणाऱ्याचा. मग हौसा सुखात राहिली, चूल तापत राहिली, सगळ्यांची पोटं भरली.

झाली गोष्ट. डोळे मिटू नका एवढ्यात.

आज आपल्याकडे किती टाको झाले? अकरा. निमिषनं चार खाल्ले, सानूनं चार. आणि तीन कुणी खाल्ले? या म्हातारीनं. हो, मीच! माझ्या सुनेनं, तुमच्या आईनं, दोन तास गॅसपाशी उभं राहून मिरच्या भाजल्या, बोटं पोळून सालं काढली, आणि आपण तिघं टेबलाशी बसून "आणखी दे, आणखी दे" करत होतो. तिनं काय खाल्लं, पाहिलंत कुणी? मी पाहिलं. तुटलेल्या भाकरीचे तुकडे, ओट्यापाशी उभ्यानं. पाहूनही मी तिसरा उचलला. म्हणून चिडलेय. तुमच्यावर थोडी, माझ्यावर जास्त.

रडू नकोस सानू. रडून तिचं पोट भरणार नाही.

फ्रिजमध्ये वरच्या कप्प्यात वाटी आहे. अर्धी ढोबळी मिरची, भोपळ्याच्या चार फोडी आणि मक्याच्या पिठाचा एक गोळा, मी हळूच काढून ठेवलाय. चला, उठा. भाकरी मी थापते, निमिष चिमटा धरेल, सानू ठेचा काढेल. तिला म्हणायचं, आई, खाली बस. ती नको नको म्हणेल, ऐकायचं नाही. शेवटचा घास तिच्या पोटात गेला, की मग इथं येऊन गुमान झोपायचं.