चिंबीची होडी हलेना

खाडीच्या काठी एक चिंबोरी राहायची. आठ पाय, दोन नांग्या, आणि अंग बोराएवढं! तिचं नाव चिंबी. चालायची कशी? तिरकी तिरकी, तुरुतुरु!

रोज ती झिलूकाकांच्या होडीच्या नाकावर बसायची. होडी चालायची डुलुक डुलुक.

एकदा होडीच्या रंगाला पोपडा आला. चिंबीनं ओढला. टर्र! मजा वाटली. अजून पोपडे ओढले. टर्र टर्र! उघडं लाकूड पाणी प्यायलं. गटगट गटगट!

काकांनी होडी वाळूवर ओढली. वर ताडपत्री टाकली. झालं! चिंबीचं फिरणं बंद.

चिंबी ताडपत्रीखाली शिरली.
"होडीताई, होडीताई, मला फिरव."
"नाही जा! आधी रंग लागू दे."

तिरकी तिरकी, तुरुतुरु. चिंबी गेली रंगाकडे.
"रंगदादा, रंगदादा, होडीला लाग. होडी हलेना, चिंबीनं फिरायचं कसं?"
"नाही जा! उघड्या लाकडावर मी टिकत नाही. आधी माझ्याखालचा लेप, प्रायमर, बसू दे."

तिरकी तिरकी, तुरुतुरु. एपॉक्सी प्रायमर राहायचा दोन डब्यांत. एक मोठा डबा, एक छोटा डबा. दोन्ही मिसळले, तरच तो घट्ट बसायचा.
"प्रायमरभाऊ, प्रायमरभाऊ, लाकडावर बस. रंग लागेना, होडी हलेना, चिंबीनं फिरायचं कसं?"
"नाही जा! खडबडीत लाकूड मला टोचतं. आधी पॉलिश पेपर घासू दे."

तिरकी तिरकी, तुरुतुरु.
"पेपरमामा, पेपरमामा, लाकूड घास. प्रायमर बसेना, रंग लागेना, होडी हलेना, चिंबीनं फिरायचं कसं?"
"नाही जा! ओल्या लाकडावर माझा लगदा होतो. आधी ऊन पडू दे."

तिरकी तिरकी, तुरुतुरु.
"उन्हा रे उन्हा, होडीवर पड. पेपर घासेना, प्रायमर बसेना, रंग लागेना, होडी हलेना, चिंबीनं फिरायचं कसं?"
"नाही जा! आधी ताडपत्री सरकू दे."

तिरकी तिरकी, तुरुतुरु.
"ताडपत्रीमावशी, जरा सरक. ऊन पडेना, पेपर घासेना, प्रायमर बसेना, रंग लागेना, होडी हलेना, चिंबीनं फिरायचं कसं?"
"सरकू कशी? माझ्या टोकावर काका झोपलेत. आधी काका उठू देत."

काका घोरत होते. घुर्रर्र, फुस्स!
"काका, काका, उठा. ताडपत्री सरकेना, ऊन पडेना, पेपर घासेना, प्रायमर बसेना, रंग लागेना, होडी हलेना, चिंबीनं फिरायचं कसं?"
"नाही जा... घुर्रर्र, फुस्स!"

अस्सं काय? समोर होता काकांचा अंगठा. गोल गोल, गुबगुबीत. चिंबीनं नांगी उघडली आणि... चिम्!

"आई आई गं!" काका उठले टुणकन्. एका पायावर नाचले थयथय.
"काका, होडी रंगवता, की दुसरा अंगठा देता?"
"नको बाई, नको! रंगवतो, रंगवतो!"

काका उठले, ताडपत्री सरकली. सर्रर्र! ऊन पडलं, लाकूड वाळलं. पेपर घासला. खर्र खर्र! दोन डबे एकत्र ढवळले. गरगर गरगर! प्रायमर बसला घट्ट.
चिंबीनं हळूच नांगी पुढे केली.
"अं हं! आधी सुकू दे!" काका ओरडले.
नांगी मागे. चिंबी वाट बघत बसली. प्रायमर सुकला. रंग लागला, निळा निळा. तोही सुकला. होडी हलली, डुलुक डुलुक!

चिंबी बसली नाकावर,
गोष्ट गेली पाण्यावर!