राजाची मूर्ती आणि चंद्राक्काचं जातं

हिंदोळे बेट लव्हाळ्यांचं विणलेलं. समुद्रावर तरंगायचं. वजन वाढलं तर बुडेल, म्हणून तिथे कायदा एकच होता: नवी वस्तू आली की तसलीच जुनी पाण्यात टाकायची. नवा रांजण आला की जुना गेला.

एकदा दुंदराजाने स्वतःची भलीमोठी दगडी मूर्ती आणवली. बेट चार बोटं खचलं, घरोघरच्या चुलींत पाणी शिरलं. राजा म्हणाला, "दगड आलाय, दगड जाऊ दे. चंद्राक्काचं जातं टाका!"

त्या जात्यावरच चंद्राक्काचं पोट चालायचं. ती जात्यावर ठाण मांडून बसली.

"महाराज, ही मूर्ती कुणाची?"

"डोळे फुटले का गं? नाक बघ, मिशा बघ. साक्षात मीच!"

"मग जात्याच्या का मुळावर येता? नवं जातं कुठं आलंय? नवा राजा आलाय, जुना टाका. कायदा तुमच्याच आजोबांचा."

शिपाई राजाकडे बघायला लागले. दोघांनी तर बाह्याही सरसावल्या.

"छे, छे! हा कुणी भलताच दिसतोय," राजा घाईघाईने म्हणाला. "लोटा त्याला!"

मूर्ती बुडाली आणि बेट चार बोटं वर आलं. राजामुळे राज्य वर आलं, ते तेवढं एकदाच.