नवरीच्या डोक्यावरचा दिवा

फार वर्षांपूर्वी एका मांडवामागे जनरेटर धडधडत होता, तो आवाज मला अजून आठवतो. त्याच्या जोरावर बांबूला बांधलेला मोठा दिवा नवरीच्या डोक्यावर जळत होता. समोर व्हिडिओ कॅमेरा उभा होता.

"दिवेदादा, मान खालीच ठेवा," कॅमेरा म्हणाला. "माझ्या डोळ्यात पाहिलंत, तर चित्रावर वरून खालपर्यंत पांढरा पट्टा उमटतो. इथल्या रीतीनं मुलीची आई अक्षता पडताना बघत नाही. द्वारकाबाई तिकडे तुळशीपाशी बसल्यात. लेकीचं लग्न त्या माझ्याच डोळ्यानं बघणार."

"माझ्यावाचून तू आंधळा," दिवा हसला, "आणि कौतुक तेवढं तुझं. मला कुणी बघायचंच नाही का?"

अंतरपाट दूर झाला. नवरीनं, वनितानं, मान वर केली, आणि त्याच क्षणी दिव्यानंही केली.

आठ दिवसांनी शूटिंगवाल्यानं द्वारकाबाईंच्या घरी टीव्हीला कॅमेरा जोडला. दिवा शेजारीच पिशवीत होता. पडद्यावर मामा दिसला, जावई दिसला. वनिताचं तोंड जिथं असायला हवं, तिथं पांढरा पट्टा होता.

द्वारकाबाईंना वाटलं, काचेवरच काही लागलंय. त्यांनी पदरानं काच पुसली. पुन्हा पुसली.

"मी दिसतोय का रे?" दिव्यानं हळूच विचारलं.

"तुम्हीच दिसताय, दादा," कॅमेरा म्हणाला.

द्वारकाबाईंनी पदर खाली सोडला आणि त्या आत निघून गेल्या.