हत्तीच्या पायाखालचे तेल

समुद्राकाठच्या एका घनदाट अरण्यात जमिनीतून तेल वर आले, त्या जुन्या काळातली ही हकिकत. तेल नेमके हत्तीच्या पायाखाली निघाले, म्हणून हत्ती राजा झाला. परदेशी बगळे तेल नेऊ लागले आणि बदल्यात जहाजे भरभरून केळी आणू लागले. अरण्यातली केळी झाडावरच सडू लागली, कारण ती परदेशी नव्हती.

साळिंदरआजोबांना मात्र घोर लागला. त्यांचा कंदांचा एकच वाफा उरला होता आणि महाराजांना तिथेच बगळ्यांच्या स्वागतासाठी संगमरवरी चौक हवा होता.

"महाराज, माझं चुकतही असेल," आजोबा चाचरत म्हणाले, "पण तेल आटलं तर पिलं खातील काय?"

"आजोबा, फार शिकल्याचा हा त्रास," माकडमंत्री म्हणाला. "राज्य श्रीमंत झालं आणि तुम्ही अजून माती उकरताय. बगळे काय म्हणतील?"

सभा हसली. आपलेच चुकत असेल असे वाटून आजोबांनी वाफा सोडला. जाताना चार कंद तेवढे तोंडात धरून नेले आणि डोंगरापलीकडे पुरले.

पुढे तेल आटले. बगळे निरोप न घेताच उडून गेले. चकाकत्या चौकात पिले उपाशी रडू लागली. तेव्हा महाराज डोंगर ओलांडून आजोबांच्या हिरव्यागार वाफ्यावर येऊन उभे राहिले.

"महाराजांच्या पायाखाली कंद निघाले हो," माकडाने लगेच दवंडी पिटली.

साऱ्या अरण्याने जयजयकार केला. पुरताना आपलेच काही चुकले असावे, असे आजोबांना वाटत राहिले.