वारा बंदचा दिवस

आकाश आणि वारे ज्याच्या ताब्यात होते, ते मांत्रिकमंडळ वर्षातून एक दिवस सुट्टी घेई. त्या दिवशी महामांत्रिक मरुत्पंत दवंडी पिटवीत, "आज वारा बंद." वाऱ्याला दवंडी ऐकू येत नसे, पण हे त्यांना सांगणार कोण?

यंदा नेमक्या त्याच दिवशी धुरपदाकाकूंनी खळ्यावर ज्वारी उफणली, वाऱ्यावर भुसा उडवून दाणे वेगळे केले. शिपायांनी त्यांना सुपासकट दरबारात उभं केलं.

"मंडळाचा वारा चोरलास," मरुत्पंत गरजले. "सगळी ज्वारी जप्त."

काकूंनी सूप खाली ठेवलं. "आज वारा होता का, महाराज?"

"मुळीच नाही. आम्ही बंद केलाय."

"मग मी चोरलं काय? आणि होता म्हणत असाल, तर तुमचा हुकूम त्यानं मोडला. आधी त्याला धरून आणा, मी थांबते."

मरुत्पंतांनी तोंड उघडलं, तोच खिडकीतून झुळूक आली आणि त्यांची पगडी उडून सुपात पडली. ती उडाली असं म्हणायची दरबारात कुणाची छाती होईना. काकूंनी ती भुशासारखी पाखडून टाकली, सूप काखोटीला मारलं आणि घर गाठलं.

ज्वारीचं नाव पुन्हा कुणी काढलं नाही. मरुत्पंत मात्र सुट्टी संपेपर्यंत बोडक्यानं बसून होते.