गोगलगायीचा शंख

सांगा म्हणून मागं लागलात म्हणून सांगतो, नाहीतर मला काही हौस नाही. मध्ये बोलू नका.

लई वर्षांमागं एका मळ्यातला कोबी कुणीतरी कुरतडला. आळ आला गोगलगायीवर. हवालदार खेकडा नांग्या परजत आला. "शंख जप्त. काढ!"

"अहो, खटला पंधरा दिवसांनी. गुन्हा ठरायच्या आधीच घर नेता?"

"नाटकं नकोत. मी दर साल कवच टाकतो. मेलो का?"

ती धापा टाकत न्यायाधीश कासवाकडं गेली. "मायबाप, शंख माझ्या अंगाला जडलाय. थांबवा यांना."

"अर्ज ठेव. खटल्यासोबत बघू," म्हणत कासवानं मान आपल्या पाठीत ओढून घेतली.

खेकड्यानं तिथंच शंख उपटला.

पंधरा दिवसांनी चोर सापडला, अळी. कासव म्हणालं, "गोगलगाय निर्दोष. शंख परत करा."

खेकड्यानं शंख पुढं धरला. घ्यायला कुणी आलं नाही. शंख उपटला त्याच दिवशी ती मेली होती.

"मेली? अशी कशी मेली?" खेकडा बघतच राहिला.

माझीही बैलजोडी अशीच चौकशीआधी नेली. एक बैल कोंडवाड्यातच मेला. मी निर्दोष सुटलो. माफी मागायला जमादार तुळाजी खरमाटे अजून आलेला नाही.